आकडा बदलणारा सॅली

प्रिय बाळ्या,

पत्राला उशीर झाला, चार शिव्या घालून टाक. पण परवा रात्री एक मूकपट पाहिला आणि पहिल्यांदा तूच आठवलास. जर्मन दिग्दर्शक एर्न्स्ट लुबिचचा 'शूपालास्ट पिंकुस', म्हणजे पिंकुसचा बूटमहाल. बर्लिन, १९१६.

लुबिच तेव्हा २४ वर्षांचा, तरी शाळकरी पोराचं काम बिनदिक्कत स्वतःच करतो. शाळेतून हाकललेला हा सॅली पिंकुस बुटांच्या दुकानात चिकटतो. कामात आळशी, पोरींशी गप्पा मारण्यात तरबेज. एक दिवस मेलिटा नावाची नर्तकी बूट घ्यायला येते. पाऊल अंमळ मोठं, पण नंबर लहानच हवा. सॅली बूट तोच ठेवतो, आकडा बदलतो. बाई खूश! तू दुकानात "ताई, तुम्हाला पाचच बसतो" म्हणताना खोक्यावरच्या आकड्यावर अंगठा ठेवायचास, तेव्हा तुझं तोंड असंच साळसूद असायचं.

पुढे तीच बाई ३० हजार मार्क देते आणि हा स्वतःचा महाल थाटतो. बाहेर महायुद्ध चाललंय, कातडं लष्कराला पुरत नाही, आणि पडद्यावर नव्या बुटांची मिरवणूक! त्याच वर्षीच्या हिवाळ्यात बर्लिनकरांनी सलगमासारखे कंद खाऊन दिवस काढले.

विनोद ढोबळ आहे, खोटं कशाला बोलू. ज्यू विक्रेत्याची ती ठरीव नक्कल बघताना मलाही अवघडल्यासारखं झालं. पण लुबिच स्वतः ज्यू शिंप्याचा मुलगा. दिवसा वडिलांच्या धंद्यात हिशेब लिहायचा, रात्री नाट्यदिग्दर्शक माक्स राइनहार्टच्या नाटकांत बारीकसारीक कामं करायचा. गिऱ्हाइकाची नजर कुठे अडते, हे त्याला गल्ल्यामागून दिसलेलं. शहरातला तयार कपड्यांचा धंदा तेव्हा हाउसफोगटाइप्लाट्स चौकाभोवती होता, बराचसा ज्यू व्यापाऱ्यांचा. १९३३ नंतर नाझींनी तो त्यांच्याकडून हिसकावला. लुबिच १९२२ मध्येच हॉलिवूडला गेला होता. आज त्या चौकात त्यांच्या आठवणीसाठी उंच आरसे उभे आहेत आणि भुयारी रेल्वेच्या पायऱ्यांवर जुन्या व्यापारी पेढ्यांची नावं आहेत. हे कळल्यावर पुन्हा पाहिला, तेव्हा हसू जरा जपूनच आलं.

शेवट तुझ्या आईला सांग. कर्ज फेडायची वेळ येते, तर सॅली सरळ मेलिटाला लग्नाची मागणी घालतो. पैसा घरातल्या घरात!

दिवाळीत आलास की मिळून बघू, तासाभराचंच काम आहे. आणि कॉलेजात असताना तू मला दिलेल्या त्या काळ्या बुटांचा नंबर नक्की किती होता, ते आता तरी खरं सांग.

तुझा,
विन्या