वाऱ्याकडे पाठ

प्रिय मित्रा,

पत्राला उशीर झाला. शिव्या घाल, ऐकून घेतो.

"दिवसभर रस्त्यावर करतोस तरी काय?" असं विचारलं होतंस. खरं सांगू? अर्धा दिवस वारा नसलेली जागा शोधण्यात जातो. बासरीची फुंक ती केवढी! बाजूनं झुळूक आली की सूर लागायच्या आधीच गायब. म्हणून पाठीशी भिंत घेतो. वारा अडतो आणि आवाजही मागे न सांडता पुढे जातो. भुयारी वाटेत हे सगळं आयतं मिळतं, पण तिथला घुमारा लबाड. कच्चा सूरही गोड करून देतो. महिनाभर तिथं वाजवून मोकळ्यावर आलो, तर माझं मलाच ऐकवेना.

उन्हाचं दुखणं वेगळंच. हवा तापली की बासरी चढते, तारवाद्य उतरतं. दहाएक अंशांत अर्ध्या स्वराचा जवळपास पाव हिस्सा सरकतो. एका गिटारवाल्याशी जोडी जमवली होती. दुपार झाली की तो खाली, मी वर. त्याला खुंट्या तरी पिळता येतात, मी काय पिळू? मतभेदामुळे वेगळे झालो, असं आम्ही लोकांना सांगतो.

टोपीत आधी माझीच चार नाणी टाकतो, रिकाम्या टोपीत कुणी टाकत नाही. हल्ली बहुतेक जण क्यूआर कोडवरच देतात. माझी तक्रार नाही. फोन काढून स्कॅन करेपर्यंत माणूस थांबतो, तेवढंच जास्त ऐकतो.

एकदा हिशेब मांडला. माणूस ताशी ५ किलोमीटर चालतो. माझी बासरी १५ मीटरवरून ऐकू येते असं धर. म्हणजे अलीकडून पलीकडे जाईपर्यंत त्याच्या वाट्याला येतात जेमतेम २२ सेकंद. त्यात आलाप कुठला बसवू? थेट मुखडा, एक झटपट तान, पुन्हा मुखडा. समोरची माणसं बदलत राहतात, त्यामुळे तेच ते वाजवतोय हे माझ्याशिवाय कुणाला कळत नाही.

परवा दार लावून रियाजाला बसलो. पंचमावर नुसतं थांबायचं होतं, आपण पूर्वी थांबायचो तसं. थोडा वेळ थांबलोही. मग बोटं आपली आपणच मुखड्यावर गेली. तीनदा झालं असं.

तू आलास की तानपुरा तू धर, फोनवरचा नको. आणि मी घाई केली तर तिथल्या तिथं टोक.

तुझाच,
बासरीवाला