नुसती ‘सिबिल’ नव्हे

ब्रिटिश अभिनेत्री प्रुनेला स्केल्स ऑक्टोबर 2025 मध्ये 93 व्या वर्षी गेल्या. बातम्यांचे मथळे ‘फॉल्टी टॉवर्स’ या विनोदी टीव्ही मालिकेतल्या सिबिलपुरतेच थांबले. 1975 आणि 1979 मिळून या मालिकेचे भाग अवघे 12. नवऱ्याला एका हाकेत गप्प करणारी ती हॉटेलमालकीण अफलातून होती, यात वादच नाही. पण त्यांचे मोठे काम त्याहून पुढचे आहे, असे मला मनापासून वाटते.

अॅलन बेनेट यांच्या नाटकात आणि 1991 मध्ये टीव्हीवर त्यांनी राणी एलिझाबेथ साकारली. आणि मग 2014 पासून चॅनेल फोरवर पती टिमथी वेस्ट यांच्यासोबत कालव्यांतून संथ बोटप्रवासाचा कार्यक्रम. तोवर त्यांना स्मृतिभ्रंश झाला होता. दोघांनी तो लपवला नाही. त्या नावे विसरत, काल काय झाले ते विसरत. पण समोरचे पाणी आणि झाडे पाहून चेहरा खुलत असे. वेस्ट शांतपणे सांभाळून घेत. वर्षानुवर्षे हे सारे लाखो प्रेक्षकांनी पाहिले.

आपल्याकडे घरात असा आजार आला की पाहुण्यांपुढे आजीला आतल्या खोलीत बसवतात. मराठी वाहिन्यांनी हा कार्यक्रम मराठी निवेदनासह जरूर दाखवावा. ज्येष्ठ कलावंतांच्या मुलाखती घेतानाही केवळ जुन्या आठवणी उकरू नयेत. ते आज कसे जगतात, हेही आस्थेने विचारावे.

— एक वाचक, सांगली