दर वेळी "रिसेट करा" सांगू नका, एकदा कन्सोल उघडून बघा

प्रति,
ग्राहक सेवा विभाग

विषय: वॉरंटीतल्या कन्सोलवर गेम सारखे बंद पडणे आणि सपोर्टकडून त्यावर काहीच न होणे

नमस्कार,

मागच्या दिवाळीत अकोल्यातल्या तुमच्या अधिकृत डीलरकडे कन्सोल घेतला, जीएसटीचं पक्कं बिल आहे, वॉरंटी अजून चालू आहे. मार्चपासून त्रास सुरू झाला. गेम छान चालू असतो, मध्येच चित्र अडकतं, आवाज घरघरतो आणि गेम बंद होऊन सरळ होम स्क्रीन, वर मेसेज की गेममध्ये एरर आली आणि खाली अक्षरं-आकडे मिळून एक लांबलचक कोड. तो कोड तुमच्याच वेबसाईटवर शोधला तर लिहिलंय रिस्टार्ट करा, सॉफ्टवेअर अपडेट करा, तरी नाही झालं तर आम्हाला फोन करा. फोन केला की तुमचा माणूस तेच पान मला वाचून दाखवतो. मग त्या कोडचा उपयोग काय ते तरी सांगा, नुसतं "बिघडलं" लिहिलं असतं तरी चाललं असतं की.

पहिल्या फोनला तर "मॅडम, जो खेळतो त्याला फोन द्या ना" असं ऐकलं. मीच खेळते. मेडिकल बंद करून रात्री घरी येते, जेवणं झाली की तास-दीड तास टीव्ही माझा असतो आणि पैसे पण माझेच गेलेत त्यात. हे लिहायचं कारण इतकंच की पुढच्या वेळी फोनवर "मुलाने काही दाबलं असेल" हे ऐकायची माझी तयारी नाही.

आता तुमच्या लोकांनी काय काय करायला लावलं ते सांगते म्हणजे परत पहिल्यापासून सुरू करायला नको. आधी म्हणाले नेटचा प्रॉब्लेम, राउटर बंद-चालू करा, मग एनएटी टाइप बघा, म्हणजे ऑनलाइन खेळताना दुसऱ्यांच्या कन्सोलशी किती सहज जोडता येतं ते. अहो मी एकटीने खेळायचा गेम खेळते, ऑनलाइन मॅच नाही, त्याला एनएटी टाइप कशाला लागतो. तरी बघितलं, आणि आमच्याकडच्या बऱ्याच ब्रॉडबँडवाल्यांसारखं आमच्या कनेक्शनला पण स्वतःचा पब्लिक आयपी नाहीच, अनेक गिऱ्हाईकांत एकच असतो, म्हणून तो "स्ट्रिक्ट", म्हणजे जोडायला अवघड, दाखवतो आणि दाखवत राहणार. मी लॅन केबल काढली, वायफाय बंद केलं, पूर्ण ऑफलाइन खेळले. तरी बंद पडला. नेटचा विषय तिथेच संपायला पाहिजे होता पण पुढच्या फोनला नवीन माणूस, परत राउटरपासून सुरू.

मग म्हणाले एचडीएमआय केबल बदला. केबल खराब असली तर टीव्हीवर चित्र जाईल, मुंग्या येतील, "नो सिग्नल" येईल, गेम बंद होऊन नीटनेटकी होम स्क्रीन कशी येईल? ती होम स्क्रीन पण त्याच केबलमधून येते ना. तरी बदलली, कारण नाही बदलली तर तुम्ही तक्रारीचं तिकीट पुढे सरकवत नाही. मग डिस्क मऊ कपड्याने पुसा. आता हा गेम इन्स्टॉल झाला की चालतो आतल्या स्टोरेजवरून, डिस्क फक्त माझ्याकडे आहे की नाही एवढं बघायला लागते, आणि मुळात डिस्क नसलेले, तुमच्या स्टोअरवरून विकत घेतलेले गेम पण असेच बंद पडतात, त्यांचं काय पुसू?

सगळ्यात भारी म्हणजे व्होल्टेज आणि गरमी. "तुमच्याकडे व्होल्टेज वरखाली होत असेल मॅडम." मीटर लावून बघितलं, सॉकेटला 230 च्या आसपासच आहे आणि कन्सोल स्टॅबिलायझरवर आहे. व्होल्टेजने बंद पडायचा तर पूर्ण कन्सोल बंद पडेल ना, एकटा गेम बंद पडून बाकी सगळं चालू कसं राहील. गरमीचं म्हणाल तर तुमच्या पुस्तिकेत लिहिलंय 5 ते 35 अंशात वापरा. अकोल्यात मे महिन्यात पारा 44-45 ला जातो आणि 35 च्या खाली यायला पावसाळा उजाडावा लागतो, मग वऱ्हाडात विकताना डीलरला हे सांगून ठेवायचं होतं की मार्च ते जून हा फक्त शोभेला ठेवा. पण ते पण सोडा. एसी लावलेल्या खोलीत, चारी बाजू मोकळ्या ठेवून, फॅनच्या जाळीवरची धूळ साफ करून बंद पडला, जुलैत बाहेर धो धो पाऊस असताना बंद पडला. आणि गरम झाला तर तुमचा कन्सोल तसा वेगळा मेसेज दाखवतो, तो मला एकदाही दिसला नाही.

शेवटी प्रत्येक वेळी एकच, फॅक्टरी रिसेट करा. म्हणजे सगळं पुसा, सगळे गेम परत उतरवा. एक गेम शंभर जीबीचा, माझं कनेक्शन 50 एमबीपीएसचं, पूर्ण स्पीड मिळाला तरी एका गेमला साडेचार तास. आणि रिसेटनंतर थोडे दिवस खरंच चांगला चालतो, म्हणून तुमच्याकडे तिकिटावर "सॉल्व्ह्ड" लागतं. मग दोनचार गेम परत टाकले, स्टोरेज भरत आलं की पुन्हा तेच. माझ्या मेडिकलवर कोणी दर आठवड्याला तीच पोटदुखीची गोळी मागायला आलं तर मी गोळी देत नाही, डॉक्टरकडे पाठवते.

तुम्ही शोधलं नाही म्हणून मी शोधलं, लक्ष देऊन वाचा. मागच्या पिढीच्या कन्सोलचे माझे काही गेम बाहेरच्या यूएसबी हार्डडिस्कवर आहेत, ते तिथून चालतात. ते रात्र रात्र चालतात, एकदाही एरर नाही. त्यातलाच एक गेम मी कन्सोलच्या आतल्या स्टोरेजवर हलवला आणि तो दुसऱ्याच दिवशी बंद पडला, तोच कोड. परत यूएसबीवर नेला, परत एकदम ठणठणीत. म्हणजे गेम तोच, खेळणारी तीच, नेट, टीव्ही, केबल, खोली सगळं तेच, बदलली फक्त जागा. नवीन पिढीचे गेम यूएसबीवरून चालतच नाहीत, ते आतच ठेवावे लागतात, म्हणून ते सगळे बंद पडतात. शिवाय गेम कॉपी करताना, मोठं अपडेट इन्स्टॉल होताना एका टक्क्यावर येऊन अडकतं आणि फेल होतं, ते पण आतल्या स्टोरेजवरच. माझ्या हिशोबाने आतल्या एसएसडीचा, म्हणजे त्या आतल्या स्टोरेजचाच, काही भाग खराब आहे, रिसेट केल्यावर डेटा चांगल्या भागात बसतो म्हणून थोडे दिवस बरं वाटतं, भरत गेलं की खराब भागाची पाळी येते. हे मी तुमच्या माणसाला सांगितलं तर म्हणे "मॅडम, आमच्या सिस्टीममध्ये तसा ऑप्शन नाही". बरं बाप्पा, तुमच्या सिस्टीममध्ये नसेल, माझ्या कन्सोलमध्ये आहे.

आणि दर वेळी एरर आली की स्क्रीनवर विचारतं, रिपोर्ट पाठवायचा का. मी दर वेळी हो केलंय. तो रिपोर्ट जातो कुठे? त्यात गेम कुठे काय वाचताना पडला हे असणारच ना. फोनवर विचारलं तर म्हणाले ते टेक्निकल टीमकडे जातात, आम्हाला दिसत नाहीत. म्हणजे ज्याच्याकडे माहिती आहे तो माझ्याशी बोलत नाही आणि जो बोलतो त्याच्याकडे माहिती नाही.

सेव्हचं, म्हणजे गेम कुठपर्यंत आला ते जपून ठेवणाऱ्या फाईलचं, तर विचारूच नका. एकदा बरोब्बर सेव्ह होत असतानाच गेम पडला आणि फाईल करप्ट झाली. क्लाऊडवर आहे म्हणून मी निवांत होते, पण सिंक ऑटोमॅटिक असल्याने ती करप्ट फाईलच नवीन समजून वर चढली आणि चांगली होती ती गेली. उन्हाळाभर खेळलेला गेम, शेवटच्या टप्प्यावर आलेला. क्लाऊडवर जुनी कॉपी मिळेल का विचारलं तर नाही. त्यावर तुमच्या माणसाने "गेम परत सुरुवातीपासून खेळा, मजा येईल" असं सांगितलं. हे वाक्य तुमच्या कॉल रेकॉर्डिंगमध्ये असेल, काढून ऐका.

आता सर्व्हिस सेंटरबद्दल. अकोल्यात नाही, नागपूरला पाठवा म्हणता, अडीचशे किलोमीटर. कुरिअरचा खर्च माझा, वाटेत काही झालं तर जबाबदारी माझी, पॅकिंग ओरिजिनल बॉक्समध्येच पाहिजे आणि तिथे "नो फॉल्ट फाउंड" निघालं तर तपासणीचे पैसे पण माझेच. तिथला माणूस दहा मिनिटं गेम लावून बघणार, तेवढ्यात एरर येणार नाही, आणि माझ्याकडे बिल येणार. आधी लिहून द्या की स्टोरेजची पूर्ण रीड-राइट टेस्ट करणार, मग पाठवते.

2007 मध्ये मायक्रोसॉफ्टच्या एक्सबॉक्स 360 या कन्सोलचा, लाल लाईट लागून तो बंद पडायचा, तो प्रॉब्लेम जगभर गाजला, तेव्हा त्यांनी त्या बिघाडाची वॉरंटी तीन वर्षांपर्यंत वाढवली, आधी ज्यांनी पैसे भरून रिपेअर केलं त्यांना पैसे परत दिले आणि यासाठी एक अब्ज डॉलरच्या वर बाजूला काढले. त्यांनी पण लगेच मान्य केलं नव्हतं, लोकांनी ओरड केल्यावरच केलं. मी तुमच्याकडे अब्ज मागत नाहीये, एक कन्सोल नीट करून मागतेय, तोही वॉरंटीतला.

मला पाहिजे ते असं. एक, या कोडचा अर्थ आणि माझ्या पाठवलेल्या रिपोर्टमध्ये काय निघालं ते लेखी, ईमेलवर. दोन, कन्सोल घरून नेण्याची आणि आणून देण्याची सोय तुमच्या खर्चाने. तीन, स्टोरेज खराब निघालं तर ते किंवा बोर्ड बदलून द्या, आणि पूर्ण युनिट बदलणार असाल तर नवीन द्या, कोणाचं तरी दुरुस्त केलेलं नको, आणि माझे विकत घेतलेले डिजिटल गेम नवीन युनिटवर ऑफलाइन पण चालतील हे तुम्ही सेट करून द्या, त्यासाठी परत महिनाभर फोन करत बसणार नाही. चौथं, जितके महिने हा असा पडून होता तितकी वॉरंटी वाढवून द्या. परत रिसेट मी करणार नाही, हे आधीच सांगते.

पंधरा दिवसांत लेखी उत्तर नाही आलं तर आधी 1915 वर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनला तक्रार आणि मग ग्राहक संरक्षण कायदा 2019 खाली अकोल्याच्याच जिल्हा आयोगात. या कायद्याने ग्राहक राहतो तिथे केस टाकता येते, मला मुंबई-दिल्लीला यायची गरज नाही, तुम्हाला मात्र इकडे यावं लागेल. पाच लाखांपर्यंतच्या खरेदीला फी पण लागत नाही, वकील पण सक्तीचा नाही. मी हे धमकी म्हणून लिहीत नाही, चौकशी करून ठेवली आहे म्हणून लिहितेय.

सोबत बिल, सिरीयल नंबरचा फोटो, सगळी तिकिटं, आणि तोच गेम यूएसबीवर चालतो पण आतल्या स्टोरेजवर पडतो याचा सलग व्हिडिओ जोडलाय, मध्ये कुठे कट नाही. व्हिडिओ बघितल्यावरच फोन करा. सकाळी दुकानात गर्दी असते, दुपारी दोननंतर करा आणि ज्याला रिपोर्ट दिसतात अशाच माणसाला लाईनवर घ्या.

तुमची ग्राहक,
अकोला