क्रेनची हकीकत पूर्ण छापा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवार पुरवणीतला अमेरिकेच्या 'स्टारगेट' प्रकल्पावरचा लेख वाचला. बसल्या जागेवरून मनाने दूरचे पाहणाऱ्या हेरांची ही हकीकत अर्धीच सांगितली आहे, म्हणून लिहिते.

१९७४ मध्ये पॅट प्राइस यांना फक्त अक्षांश-रेखांश दिले आणि त्यांनी सोव्हिएत संघातल्या सेमिपलाटिन्स्क या अणुचाचण्यांच्या भागातली अजस्र क्रेन कागदावर काढली, हे आपण छापलेत. पण त्यांनी सांगितलेले बाकीचे बहुतेक चुकीचे निघाले किंवा ताडून पाहता आले नाही, हे सीआयएच्याच माणसाने नोंदवले आहे. पुढे १९७८ मध्ये डेव्हिड मार्क्स आणि रिचर्ड कॅमन या मानसशास्त्रज्ञांनी, हे प्रयोग जिथे झाले त्या स्टॅनफर्ड रिसर्च इन्स्टिट्यूटचे कागद तपासले. त्यांत आदल्या बैठकांचे उल्लेख तसेच राहिले होते. जागांची क्रमवार यादी हाती असलेल्या परीक्षकाला तेवढ्यावरून कोणते वर्णन कोणत्या जागेचे हे जुळवता येत होते.

मला हे एवढे का लागले ते सांगते. मी पायाळू. नऊ वर्षांची असताना आईची सोन्याची पाटली हरवली. अंजन बघणाऱ्या गृहस्थांनी माझ्या अंगठ्याच्या नखाला काजळ फासून मला दिव्यासमोर बसवले. मला नखात ज्योतीशिवाय काही दिसत नव्हते. "बाई दिसते का? हिरवं लुगडं आहे ना?" घरची सगळी मोठी माणसे वाकून बघत होती. मी हो म्हणत गेले. हिरवे लुगडे भांडी घासायला येणाऱ्या मावशींचे होते. पाटली पुढच्या उन्हाळ्यात ज्वारीच्या कणगीच्या तळाशी सापडली, आईच्याच फडक्यात बांधलेली. आई मावशींकडे गेली, त्यांनी दार उघडले नाही.

सुमारे २ कोटी डॉलर खर्चून १९९५ मध्ये प्रकल्प बंद झाला. तेव्हाच्या तपासणीत संख्याशास्त्रज्ञ जेसिका उट्स यांना आकड्यांत परिणाम दिसला, मानसशास्त्रज्ञ रे हायमन यांना तो पटला नाही. हेरखात्याच्या एकाही कारवाईला मात्र या माहितीचा आधार मिळाला नव्हता. वर्णने मोघम होती, अर्थ वाचणाऱ्यानेच लावायचा होता. लावणारा कोण, त्याला आधी काय ठाऊक होते, हे लेखकाने विचारायला हवे होते.

क्रेनचे चित्र छापलेत, तसा १९९५ च्या अहवालाचा गोषवाराही त्याच पुरवणीत, तेवढ्याच जागेत द्यावा. माझ्या नाती तो लेख कापून वहीत चिकटवून बसल्या आहेत.

– एक निवृत्त शिक्षिका, वाई