नाटकाचा बक्षीस समारंभ आणि विंगेतून परत पाठवलेली माणसं : मा. सांस्कृतिक कार्य मंत्र्यांना खुलं पत्र

सन्माननीय मंत्रीमहोदय,

सप्रेम नमस्कार.

मध्यंतरी मुंबईत हौशी नाटकवाल्यांच्या राज्य स्पर्धेचा वार्षिक बक्षीस समारंभ झाला, अध्यक्षस्थानी आपण होता, त्याबद्दल हे लिहितोय. आपण कामात असता याची कल्पना आहे. तरी शेवटपर्यंत वाचा ही विनंती.

मी सोलापूरचा. पोटासाठी वायरिंगची कामं घेतो आणि कित्येक वर्षं हौशी नाटकांची प्रकाशयोजना करतो. आमच्या नाटकाला यंदा नेपथ्याचं पहिलं आणि प्रकाशयोजनेचं दुसरं बक्षीस लागलं. नेपथ्य केलं ते मामांनी. सगळं सोलापूरचं नाटक त्यांना मामाच म्हणतं. वय सत्तरीच्या पुढं, पूर्व भागात राहतात, आयुष्य पॉवरलूमवर गेलं, घरात तेलुगू बोलतात आणि जन्मभर सेट लावले ते मराठी नाटकांचे. गुडघे दुखतात म्हणून ते नको म्हणत होते, आम्हीच हट्टानं नेलं, म्हटलं मामा एवढ्या वर्षांत पहिल्यांदा तुमचं नाव मुंबईच्या स्टेजवरनं पुकारणार आहेत, चला की.

नाव पुकारलंच नाही साहेब. अभिनयाची बक्षिसं झाली, दिग्दर्शनाची झाली, मग निवेदिकेनं सांगितलं की वेळेअभावी तांत्रिक विभागातल्या सर्व विजेत्यांनी एकत्र स्टेजवर यावं. नेपथ्य, प्रकाश, रंगभूषा, वेशभूषा, संगीत सगळे एका रांगेत. ना माणसाचं नाव, ना नाटकाचं, ना गावाचं. हातात एक पाकीट आणि एक ट्रॉफी दिली, फोटो काढला, आणि खाली उतरताना विंगेत उभ्या असलेल्या पोरानं मामांच्या हातातली ट्रॉफी काढून घेतली, म्हणाला ही फोटोपुरती आहे, तुमची नंतर कुरिअरनं येईल. मामा काही बोलले नाहीत. मी बोललो तर मला सिक्युरिटीवाल्यानं बाजूला घेतलं.

वेळ कशात गेला ते मी सांगतो, कारण मी पूर्ण वेळ खुर्चीतच होतो. कार्यक्रम सुरूच उशिरा झाला, कारण आपण उशिरा आलात. दीपप्रज्वलनाला इतके लोक स्टेजवर चढले की समई दिसत नव्हती. मग शाली, श्रीफळ, पुष्पगुच्छ, प्रत्येकाचं वेगळं. मग आपल्या आधीची भाषणं, ती सगळी आपल्याबद्दल. मग आपलं भाषण. मग सिनेमातल्या गाण्यांवर डान्स. नाटकाच्या बक्षीस समारंभात सिनेमाच्या गाण्यांवर डान्स, आणि ज्यांनी नाटक उभं केलं त्यांच्यासाठी वेळ नाही! एका माणसाचं नाव घ्यायला, त्याला स्टेजवर यायला आणि हातात बक्षीस द्यायला एक मिनिट लागतं हो. सगळ्या तांत्रिक विभागांना मिळून पंधरा-वीस मिनिटं लागली असती. ती तुमच्या एकट्याच्या भाषणातनं निघाली असती.

आणि हे तुम्ही कबूल केलेलं होतं. गेल्या वर्षी सोलापूरला आला होतात तेव्हा स्टेजवरनं म्हणालात की पडद्यामागच्या कलावंताला पडद्यापुढच्या इतकाच मान मिळेल, आणि समारंभ दरवर्षी मुंबईतच न घेता जिल्ह्याजिल्ह्यात फिरता करू. आम्ही टाळ्या वाजवल्या. माझ्या फोनमध्ये व्हिडिओ आहे, पाहिजे तर पाठवतो. वर्ष झालं, समारंभ मुंबईतच झाला आणि मान कसा दिला ते वर लिहिलंय.

सोलापूर ते मुंबई चारशे किलोमीटर आहे. आम्ही रात्रीच्या गाडीनं गेलो, दुसऱ्या रात्रीच्या गाडीनं परत आलो, मधला दिवस स्टेशनवर आणि हॉलच्या बाहेर काढला कारण लॉज परवडत नाही. प्रवासखर्च मिळेल असं पत्रात छापलं होतं. तिथं गेल्यावर कळलं की तिकिटं आणि फॉर्म भरून द्या, मंजुरी आली की जमा होईल. मागच्या वेळचीच बक्षिसाची रक्कम महिनोन्महिने जमा होत नव्हती, त्यामुळे यावर आमचा कुणाचा विश्वास नाही. माझी दोन दिवसांची मजुरी गेली ती वेगळीच, ती मी मागतही नाही.

पण एक गोष्ट मागतो, हिशोब. मी लाईटवाला आहे, हॉलमध्ये शिरल्याबरोबर माझी नजर वर जाते. ट्रस म्हणजे दिवे टांगायचा सांगाडा बांधला होता, मूव्हिंग हेड, शार्पी असले फिरणारे दिवे, मागं अख्ख्या स्टेजभर एलईडी वॉल. भाडी काय असतात मला माहितीये. माझ्या अंदाजानं त्या एका संध्याकाळच्या लाईटचं आणि स्क्रीनचं बिल स्पर्धेच्या आमच्या सोलापूर सेंटरच्या सगळ्या नाटकांच्या मिळून लाईटच्या खर्चाहून जास्त असणार. चूक असेल तर बिलं दाखवा, मी इथंच दुरुस्ती करीन. राज्यभर वीसच्या आसपास सेंटर आहेत, प्रत्येक सेंटरला कितीतरी नाटकं, प्रत्येक नाटकामागं पंधरा-वीस माणसं, म्हणजे हजारो लोक पदरचे पैसे घालून दरवर्षी हे करतात. त्यांच्या नावानं होणाऱ्या सोहळ्यात पैसा कशावर जातो हे विचारायचा हक्क त्यांना आहे.

आता तांत्रिक विभाग म्हणजे काय ते जरा ऐका, कारण मला शंका आहे की तुम्हाला कुणी सांगितलेलंच नाही. स्पर्धेच्या दिवशी टेम्पोतनं फ्लॅट म्हणजे सेटच्या सुट्या भिंती उतरवायच्या, लेव्हल म्हणजे स्टेजवरचे उंचवटे लावायचे, नाट्यगृहातले किती स्पॉट चालू आहेत आणि उजेड कमी-जास्त करणाऱ्या डिमरचे किती चॅनेल मेलेत ते तिथं गेल्यावरच कळतं. त्यावर महिनाभर कागदावर आखलेली सगळी योजना तासाभरात बदलायची. लाईट बांधायला शिडी धड नसते, टेबलावर स्टूल ठेवून चढतो. मामांनी यंदाच्या सेटमध्ये एकच भिंत अशी केली होती की एका बाजूनं वाड्याची ओसरी आणि फिरवली की कारखान्याचं गेट, आणि ती फिरायची ब्लॅकआऊटमध्ये, म्हणजे स्टेजवर पूर्ण अंधार केल्यावर, आवाज न करता. त्या चाकांसाठी मामा भंगार बाजारात किती दिवस हिंडले ते आमच्या ग्रुपला ठाऊक आहे. माझा ब्लॅकआऊट एक सेकंद लवकर उठला तर प्रेक्षकाला भिंत अर्धी फिरलेली दिसणार. प्रत्येक प्रयोगाला छातीत धडधड होते. प्रयोगात तो बदल झाला आणि अंधारातच टाळी आली. त्या टाळीसाठी आम्ही हे करतो. परीक्षकांना ते दिसलं म्हणून तर बक्षीस दिलं.

तुमच्या खात्यातले लोक म्हणतील की सगळीकडे असंच असतं. बरं, सगळीकडचं बघू. न्यूयॉर्कला नाटकांचे टोनी पुरस्कार आहेत, १९४७ पासून. तिथं प्रकाशयोजनेला १९७० पासून स्वतंत्र पुरस्कार आहे. २०१४ साली त्यांनी साऊंड डिझाईनचे पुरस्कारच बंद करून टाकले. तिथले नाटकवाले गप्प बसले नाहीत, सह्यांची मोहीम काढली, हजारोंनी सह्या केल्या, आणि २०१८ च्या समारंभात ते पुरस्कार परत आणावे लागले. आता तिथंही बरेचसे तांत्रिक पुरस्कार मुख्य प्रक्षेपणाच्या आधीच देऊन टाकतात, त्यावर तिथले लोकही नाराज असतात. पण तिथं प्रत्येकाचं नाव पुकारतात, प्रत्येक जण एकटा स्टेजवर जातो, चार वाक्यं बोलतो. रांगेत उभं करून फोटो काढत नाहीत.

अमेरिका लांब पडत असेल तर आपला देश घ्या. बंगालच्या तापस सेनांना रंगमंचावरच्या प्रकाशयोजनेसाठी केंद्राच्या संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार १९७४ सालीच मिळाला. म्हणजे प्रकाशयोजना ही कला आहे हे देशानं तेव्हाच मान्य केलंय. त्याच अकादमीचं अलीकडचं बघा, २०१९, २०२० आणि २०२१ असे तीन वर्षांचे पुरस्कार एकदम फेब्रुवारी २०२३ मध्ये दिले, मग २०२२ आणि २०२३ चे एकदम मार्च २०२४ मध्ये. कोरोना मान्य, पण म्हाताऱ्या कलावंताच्या आयुष्यातली दोन-तीन वर्षं म्हणजे काय असतात? २०२३ मध्येच पंच्याहत्तरी ओलांडलेल्या ऐंशीहून जास्त कलावंतांना खास अमृत पुरस्कार दिले, ज्यांना तोपर्यंत राष्ट्रीय पातळीवर कधीच काही मिळालं नव्हतं. पंच्याहत्तरीपर्यंत कुणाला दिसले नाहीत ते! दिल्ली असो नाहीतर मुंबई, पुरस्कार देणाऱ्याच्या सोयीनं देतात, घेणाऱ्याचा विचार कुणीच करत नाही.

आणि सोहळे कुणासाठी असतात ते १६ एप्रिल २०२३ ला खारघरला, महाराष्ट्र भूषण पुरस्काराच्या सोहळ्यात, सगळ्या महाराष्ट्रानं बघितलं. स्टेजला सावली होती, लोक उन्हात होते, उष्माघातानं १४ माणसं गेली. तो नाटकाचा कार्यक्रम नव्हता, मला माहितीये. पण मानसिकता तीच, स्टेजवरचे महत्त्वाचे, बाकीची गर्दी. लग्नात मंडपवाल्याला सगळ्या पंगती उठल्यावर जेवायला बसवतात, तशी आमची गत करून ठेवलीय.

त्या पाकिटात प्रमाणपत्र होतं, ते गाडीत उघडलं. नेपथ्याच्या प्रमाणपत्रावर मामांच्या जागी आमच्या दिग्दर्शकाचं नाव छापलंय. तुम्हाला ही छपाईची किरकोळ चूक वाटेल. ती किती महागात पडते ते सांगतो. ज्येष्ठ कलावंतांना सरकार मानधन देतं, २०२४ पासून ते महिन्याला ५,००० रुपये केलंय, चांगलं केलंय. मामांना त्याची गरज आहे, लूम बंद झाल्यापासून घरात दुसरं उत्पन्न नाही. पण अर्ज करायला गेलं की पुरावा मागतात. नटाकडे पेपरातले फोटो असतात, जाहिरातीत नाव असतं. सेट लावणाऱ्याकडे काय असतं? त्याचं काम प्रयोग संपला की रात्रीच उतरवून टेम्पोत भरतात. त्याच्याकडे असतो तो एवढा एक कागद, आणि त्या कागदावर तुम्ही दुसऱ्याचं नाव छापून दिलंत. दुरुस्तीसाठी फोन केला तर अर्ज करा म्हणाले, अर्ज केला तर ज्या कमिटीनं यादी पाठवली तिच्याकडनं पत्र आणा म्हणाले, कमिटीचं काम संपलंय, पत्र कोण देणार?

भाषणात तुम्ही सोलापूरचं कौतुक केलंत, शाहीर राम जोशींची भूमी म्हणालात, डॉ. जब्बार पटेलांचं नाव घेतलंत, अतुल कुलकर्णींचं घेतलंत. आम्हालाही त्यांचा अभिमान आहे. जब्बार पटेल सोलापूरच्या शाळेत शिकले, शंभराव्या नाट्यसंमेलनाचे अध्यक्ष झाले. अतुल कुलकर्णी इथं नाट्य आराधना या हौशी ग्रुपमध्ये काम करत करत दिल्लीच्या एनएसडीला, म्हणजे राष्ट्रीय नाट्य विद्यालयात, गेले. म्हणजे हौशी नाटकानंच मोठी माणसं दिली ना? मग ज्या हौशी नाटकातनं ती आली त्याला तुम्ही आज काय देताय? आमच्याकडे तालमीला जागा मिळत नाही, शाळेचा हॉल, कुणाची गच्ची, एखादं बंद पडलेलं गोडाऊन, जिथं मिळेल तिथं करतो. नाट्यगृहाचं भाडं वाढतं आणि स्पॉट तेवढेच राहतात. ८ ऑगस्ट २०२४ ला कोल्हापूरचं केशवराव भोसले नाट्यगृह जळालं, शाहू महाराजांनी उभारलेलं, ज्यांचं नाव त्याला दिलंय त्या केशवरावांच्या जयंतीच्या आदल्या रात्री. त्या रात्री आमचे लोक फोनवर रडत होते. मी वायरिंगवाला आहे, जुन्या नाट्यगृहांमधल्या वायरी मी रोज बघतो, स्टेजच्या खालचे बोर्ड बघतो, आणि मला भीती वाटते. एलईडी वॉलवर एका संध्याकाळी जेवढे उडवले तेवढ्यात एखाद्या नाट्यगृहाची स्टेजची वायरिंग नवी झाली असती, हे मी माझ्या धंद्याच्या अनुभवावरनं सांगतो.

तुमच्यावर वैयक्तिक राग नाही. तुमच्या आधीचे होते तेव्हा तरी काय वेगळं होतं, नंतरचे येतील ते तरी काय करतील. अधिकारी बदलतात, पक्ष बदलतात, बॅनरवरचे फोटो बदलतात, ट्रॉफीवाला आणि मंडपवाला मात्र तोच राहतो. निवडणुकीत कलावंत प्रचाराला पाहिजेत, पथनाट्याला पाहिजेत, शासनाच्या योजना खेडोपाडी सांगायला पाहिजेत, आणि त्या कामाचं मानधन द्यायची वेळ आली की निधी नाही.

मागणं फार नाही. मामांचं प्रमाणपत्र त्यांच्या नावानं नवीन छापून द्या, आणि अर्जावर अर्ज करायला न लावता द्या, चूक तुमच्याकडची आहे. नेपथ्याची ट्रॉफी कुरिअरनं पाठवू नका. ५ नोव्हेंबरला मराठी रंगभूमी दिन असतो, त्या दिवशी सोलापुरात छोटा कार्यक्रम घ्या, आम्ही हॉल झाडून देतो, लाईट मी फुकट करतो, फक्त कुणीतरी माईकवरनं नाव वाचा आणि त्यांच्या हातात द्या. तुम्ही स्वतः आलात तर आनंदच आहे, नाही आलात तरी चालेल. बक्षिसाची आणि प्रवासखर्चाची रक्कम पुढच्या स्पर्धेच्या आधी जमा करा. समारंभाचा खर्च जाहीर करा. आणि पुढच्या वर्षी जो कुणी समारंभ आखेल त्याला लेखी आदेश द्या की प्रत्येक विजेत्याला एकट्याला स्टेजवर बोलवायचं आणि भाषणं त्यानंतर.

पुढच्या स्पर्धेचे फॉर्म लवकरच निघतील. आमच्या ग्रुपमध्ये यावरनं दोन तट पडलेत, निम्मे म्हणतात भरायचाच नाही. मामा म्हणतात भरायचा, नवीन नाटकाच्या सेटचं ड्रॉइंग त्यांनी काढायला घेतलंय. म्हणून उत्तर फॉर्मच्या तारखेआधी पाहिजे, आणि फोनवर नको, लेखी पाहिजे.

आपला,
सोलापूरचा एक हौशी प्रकाशयोजनाकार