स्पेन्सर हिमनदीच्या खोऱ्यातून

अँकरेज, अलास्का
मार्चअखेर

तीर्थरूप बाबा व आई यांस,
शिरसाष्टांग नमस्कार, विनंती विशेष.

तुमचे पत्र मिळाले. पुढच्या हिवाळ्यात तुम्ही दोघे इकडे याल तेव्हा हिमनदीच्या खोऱ्यात वाटाड्यासोबत जाऊ, असे मी सुचवले होते. त्यावर बाबांनी दोन शंका विचारल्या आहेत. बर्फावर धावणारी ती वाहने (स्नोमोबाइल) या वयात झेपतील का, ही पहिली; आणि जेथे डोंगरावरून बर्फ कोसळतो तेथे ऐन हिवाळ्यात मुद्दाम जाणे शहाणपणाचे आहे का, ही दुसरी. फोनवर घाईत काहीतरी सांगण्यापेक्षा आधी स्वतः जाऊन यावे असे मी ठरवले, आणि आता जाऊन आल्यावर सविस्तर लिहीत आहे. पहिल्या शंकेचे उत्तर सोपे आहे. दुसरीसाठी मात्र पत्राचा बराच भाग लागेल.

अँकरेजहून दक्षिणेकडे जाणारा सेवर्ड महामार्ग टर्नअगेन आर्म नावाच्या खाडीच्या अगदी कडेने जातो. एका बाजूला चुगॅच पर्वताचे कडे आणि दुसऱ्या बाजूला भरती-ओहोटीबरोबर पुढेमागे सरकणाऱ्या बर्फाच्या मोठमोठ्या लाद्या, असा हा रस्ता आहे. गर्डवुड गाव मागे टाकले की पोर्टेज येते. २७ मार्च १९६४ रोजी येथे ९.२ तीव्रतेचा भूकंप झाला, तेव्हा ही जमीन सुमारे दोन मीटर खचली, खाडीचे खारे पाणी आत शिरले आणि पोर्टेजची वस्ती कायमची उठली. खाऱ्या पाण्याने मेलेली स्प्रूसची झाडे इतक्या वर्षांनंतरही रस्त्याच्या कडेला राखाडी खांबांसारखी उभी आहेत. आमच्या वाटाड्याने गाडी तेथे थांबवली आणि ती झाडे दाखवून म्हणाला की या खोऱ्यात जमीन, बर्फ आणि पाणी यांपैकी काहीच स्थिर नाही, हे लक्षात ठेवून पुढे चालायचे. मला त्याची ही सुरुवात फार योग्य वाटली.

पोर्टेजच्या पुढे प्लॅसर नदीचे खोरे आहे आणि त्याच्या बाजूच्या डोंगरातून स्पेन्सर हिमनदी उतरते. हा सगळा प्रदेश चुगॅच राष्ट्रीय वनात येतो. हे वन १९०७ साली घोषित झाले आणि त्याचा विस्तार ५० लाख एकरांहून अधिक आहे. उन्हाळ्यात सेवर्डकडे जाणारी रेल्वे या खोऱ्यातून धावते, पण मोटारीचा रस्ता हिमनदीपर्यंत नाही. म्हणून हिवाळ्यात, दलदल आणि ओढे बर्फाखाली गेल्यावर, स्नोमोबाइल हे तेथे पोहोचण्याचे साधन होते. वनविभाग मात्र केवळ तारीख पाहून वाट खुली करत नाही. खालची झुडपे आणि माती चिरडली जाणार नाही इतका बर्फ साचला आहे याची खात्री झाल्यावरच वाहनांना परवानगी मिळते, आणि पैसे घेऊन लोकांना नेणाऱ्या प्रत्येक संस्थेला वनविभागाचा स्वतंत्र परवाना घ्यावा लागतो. जवळच्या टर्नअगेन खिंडीत तर महामार्गाच्या पश्चिमेचा भाग वाहनांसाठी आणि पूर्वेचा भाग स्की व पायी जाणाऱ्यांसाठी अशी वाटणीच केलेली आहे. ही व्यवस्था मला न्याय्य वाटते, कारण ज्याला शांतता हवी आहे त्याचाही जंगलावर तितकाच हक्क आहे.

आता बाबांची पहिली शंका. स्नोमोबाइलला पुढे दोन स्की आणि मागे रबरी खाचांचा रुंद पट्टा असतो. गिअर नसतात. उजव्या अंगठ्याने वेग वाढवायचा आणि डाव्या हाताने ब्रेक दाबायचा, एवढेच हाताचे काम; हँडलच्या मुठी आतून गरम होतात. चालकाच्या जाकिटाला एक दोरी अडकवलेली असते, आणि तो खाली पडला तर ती सुटून इंजिन आपोआप बंद पडते. वळताना वाहनाबरोबर शरीर झुकवावे लागते आणि खडबडीत जागी गुडघे सैल ठेवून किंचित उठून बसावे लागते, म्हणून खांदे आणि मांड्या दुसऱ्या दिवशी दुखतात. वेग वाटाडा ठरवतो आणि बाकीचे अंतर राखून त्याच्या मागावरूनच जातात. मागे बसण्याची सोय असते, त्यामुळे आईला चालवण्याची गरज नाही. ती माझ्या मागे बसू शकेल. बाबांना चालवता येईल याविषयी मला शंका नाही.

दुसऱ्या शंकेकडे वळते. खोऱ्यात शिरण्यापूर्वी वाटाड्याने आम्हाला त्या दिवसाचा हिमस्खलनाचा अंदाज वाचून दाखवला. चुगॅच वनाचे हिमस्खलन माहिती केंद्र हिवाळ्यात हे अंदाज प्रसिद्ध करते आणि त्यात धोक्याच्या पाच पायऱ्या असतात. नंतर प्रत्येकाच्या अंगावर बीकन बांधला. हे छोटे यंत्र ४५७ किलोहर्ट्झवर सतत संदेश पाठवते, आणि कोणी गाडला गेला तर बाकीचे आपापली यंत्रे शोधाकडे वळवून त्याच्या जवळ पोहोचू शकतात. मग लांब सळईने बर्फ टोचून नेमकी जागा ठरवायची आणि फावड्याने खणायचे. हे सर्व पहिल्या दहा-पंधरा मिनिटांत व्हावे लागते. त्यानंतर माणूस जिवंत सापडण्याची आशा झपाट्याने कमी होते, कारण बहुतेकांचा मृत्यू गुदमरून होतो. म्हणजे बाहेरची मदत येईपर्यंत थांबणे शक्यच नसते. सोबतचे लोक हीच मदत. म्हणून त्याने आम्हा प्रत्येकाकडून बीकन शोधण्याचा सराव करून घेतला आणि कोणालाही त्यातून सूट दिली नाही.

पण खरे कौशल्य या उपकरणांची वेळ येऊ न देण्यात आहे, आणि ते मी दिवसभर पाहिले. बर्फ थरांनी साचतो. थंड, निरभ्र रात्रींनंतर थरात साखरेसारखे सुटे कण तयार होतात, त्यांच्यावर वादळाचा किंवा वाऱ्याने वाहून आणलेला जड बर्फ बसतो, आणि तो खालचा दुबळा थर मोडला की वरची लादी एकदम सुटते. हे बहुधा ३० ते ४५ अंशांच्या उतारावर होते. त्याहून सौम्य उतारावर लादी क्वचितच घसरते. पण वरच्या तीव्र उतारावरचा बर्फ सपाट जागेपर्यंत येऊ शकतो, त्यामुळे आपण सपाटीवर आहोत एवढ्याने भागत नाही, डोक्यावर काय आहे ते पाहावे लागते. एका वळणावर त्याने आम्हाला उताराच्या आवाक्याबाहेर थांबवले, स्वतः आधी पलीकडे गेला आणि मग एकेकाला हाताच्या खुणेने बोलावले. मध्ये कोणीही थांबायचे नाही, ही सक्त सूचना होती. पुढे एक पांढराशुभ्र उतार, त्यावर एकही माग नव्हता, आणि आमच्यातल्या एका तरुणाला त्यावर वाहन चढवण्याची फार इच्छा होती. वाटाड्याने फावड्याने खड्डा खणून थर दाखवले, मधल्या सुट्या कणांच्या पट्टीवर बोट ठेवले आणि आज नाही, एवढेच सांगितले. वाद झाला नाही. बाबा, तुम्ही आम्हाला पावसाळ्यात सह्याद्रीत नेत असताना ओढ्याचे पाणी गढूळ दिसले की किल्ला समोर असूनही परत फिरवत असा, तोच हा स्वभाव आहे. असा माणूस बरोबर असेल तर मी तुम्हाला निःशंकपणे नेईन, आणि तो नसेल तर भाड्याने वाहने घेऊन आपले आपण जाण्याचा विचारही करणार नाही. तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचे माझे उत्तर हे आहे.

हिमनदीच्या पुढ्यात सरोवर आहे. हिमनदी मागे सरली तेव्हा तिने कोरलेल्या खोलगटीत ते साठले. हिवाळ्यात ते गोठते, आणि त्यापूर्वी सुटून तरंगत आलेले हिमनग जागच्या जागी अडकून पडतात. काठावर वाहने बंद केली, वाटाड्याने बर्फाची जाडी तपासली आणि आम्ही स्नोशू, म्हणजे बुटाखाली बांधायचे बर्फावरचे जोडे, बांधले.

स्नोशूचा पाया रुंद असल्यामुळे शरीराचे वजन पसरते आणि माणूस भुसभुशीत बर्फात मांडीपर्यंत रुतण्याऐवजी थोडासाच खचतो. बूट फक्त चवड्यापाशी बांधलेला असतो, त्यामुळे टाच मोकळी उचलता येते, आणि चवड्याखालचे धातूचे दाते कडक बर्फात पकड घेतात. पाय नेहमीपेक्षा किंचित फाकवून टाकावे लागतात, उतरताना गुडघे वाकवून भार टाचेकडे द्यावा लागतो, आणि उलट पावली मागे जाण्याचा प्रयत्न करायचा नाही, कारण शेपटाकडचा भाग बर्फात रुततो. एवढे समजले की चालणे आपोआप येते. अलास्कातील आदिवासी पूर्वीपासून लाकडी चौकट आणि कातड्याच्या वाद्या यांचे असे जोडे वापरत आले आहेत; आजचे ॲल्युमिनियमचे असले तरी तत्त्व तेच आहे.

बाबा, त्या सहलीचा गाभा मला येथे सापडला. वाहनावरून खोरे भराभर मागे पडते आणि डोळ्यांत फक्त मोठ्या गोष्टी मावतात. पायी चालताना सशाच्या रुंद मागच्या पायांचे ठसे दिसले, विलोच्या कोवळ्या फांद्या मूसने (इकडच्या थोराड हरणाने) कुठवर खुडल्या आहेत ते दिसले, आणि पांढऱ्या पिसांचे टार्मिगन पक्षी पायाशी येईपर्यंत ओळखूच आले नाहीत. हिमनगांचा निळा रंग तर मी कितीही वेळ पाहत राहिले असते. वर्षानुवर्षांच्या बर्फाखाली खालचे थर दाबले जातात, त्यांतील हवेचे बुडबुडे बारीक होत जातात आणि बर्फ इतका घट्ट होतो की प्रकाश त्यात खोलवर शिरतो. वाटेत तांबडा भाग शोषला जातो आणि निळा तेवढा बाहेर येतो. ताजी फुटलेली बाजू सर्वांत गडद असते. वाटाड्याने आम्हाला हिमनगांपासून अंतर राखायला लावले, कारण त्यांच्याभोवतीचा बर्फ पातळ असू शकतो आणि ते उलटूही शकतात. हिमनदीच्या कड्यापाशी किंवा बर्फाच्या गुहांत तर जायचेच नाही, कारण कडा हिवाळ्यातही फुटतो. गुहेत उभे राहून काढलेली छायाचित्रे लोक एकमेकांना दाखवतात, पण मला ती पाहून आता काळजी वाटते.

शेजारच्या पोर्टेज हिमनदीची गोष्टही सांगायला हवी. शंभरएक वर्षांपूर्वी आजच्या पोर्टेज सरोवराची जागा बर्फाने भरलेली होती. १९८६ साली हिमनदी पाहण्यासाठी सरोवराकाठी मोठे केंद्र बांधले गेले. आज त्या केंद्रातून हिमनदी दिसत नाही, इतकी ती मागे गेली आहे. हे डोळ्यांनी पाहिल्यावर, इंधन जाळत हिमनदी पाहायला जाणे योग्य आहे का, हा प्रश्न मला पडला आणि तो अजून सुटलेला नाही. अलास्काच्या दूरच्या गावांत स्नोमोबाइल ही चैन नाही. शिकार, सरपण, शेजारच्या गावी जाणे, सगळे तिच्यावर चालते, आणि १९८० च्या अलास्का भूमी-संरक्षण कायद्याने पारंपरिक गरजांसाठी तिचा वापर मान्य केला आहे. आमचा प्रवास मात्र हौसेचा होता. म्हणून वाहनाचा उपयोग पोहोचण्यापुरता करावा आणि उरलेला वेळ पायी काढावा, या मताला मी आले आहे. परतीच्या वाटेवर एक मूस कडक झालेल्या मागावर उभी होती. खोल बर्फात शिरायला भाग पाडले तर तिची हिवाळ्यासाठी राखलेली ताकद जाते, म्हणून आम्ही इंजिने बंद करून ती आपणहून बाजूला होईपर्यंत थांबलो. कोणीही घाई केली नाही, याचे मला फार समाधान वाटले.

तेव्हा पुढच्या वर्षी मार्चच्या दुसऱ्या पंधरवड्यात यावे. डिसेंबरात येथे दिवस जेमतेम साडेपाच तासांचा असतो. मार्चमध्ये तो बारा तासांचा होतो आणि रोज पाच-सहा मिनिटांनी वाढतो. जाड बूट, वरचा पोशाख आणि हेल्मेट तेथे मिळतात. आतून मात्र लोकरीचे कपडे हवेत. सुती कपडा घामाने भिजला की वाळत नाही आणि अंगातील ऊब काढून घेतो. उन्हाचा चष्मा दोघांनीही आणावा, कारण बर्फावरून परतणाऱ्या उन्हाने डोळे खरोखर पोळतात. आईच्या गुडघ्यांना मागे बसून बसणारे धक्के चालतील का, हे डॉक्टरांना आधी विचारून मला कळवा. त्यांनी नको म्हटले तर गर्डवुडच्या जंगलात सपाट वाटेवर नुसते स्नोशू घालून चालू, आणि बाबा व मी वाटाड्यासोबत खोऱ्यात वेगळे जाऊ. वाटाड्याकडे जागा आधीपासून राखून ठेवाव्या लागतात, म्हणून तुमच्या सुट्टीच्या तारखा ठरल्या की लगेच लिहा.

आपली,
धाकटी