ॲनिमेशनपटाला एक ओळ पुरत नाही

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

गेल्या रविवारच्या आपल्या पुरवणीत एका ॲनिमेशनपटाची दखल ‘सुट्टीत मुलांना दाखवायला बरा’ एवढ्या एका ओळीत घेतलेली वाचली. पटकथा कोणाची, दिग्दर्शन कोणाचे, याचा उल्लेखही नव्हता. खानापूर तालुक्यातील मराठी शाळेत एकोणतीस वर्षे चित्रकला शिकवलेल्या मला ती ओळ लागली, म्हणून हे पत्र.

ॲनिमेशन हा मुलांसाठीचा चित्रपटप्रकार नसून ते एक माध्यम आहे, असे अमेरिकेतील लेखक-दिग्दर्शक ब्रॅड बर्ड वारंवार सांगत आले आहेत. १९५७ साली जन्मलेल्या बर्ड यांनी अकराव्या वर्षी आपला पहिला लघुपट करायला घेतला आणि तो पुरा व्हायला सुमारे तीन वर्षे लागली. डिस्नेतील मिल्ट काल यांच्यासारख्या कसलेल्या चित्रकाराचे मार्गदर्शन त्यांना त्या वयात मिळाले. पुढे त्याच डिस्नेत नोकरी मिळाली आणि ती गेलीही. ‘द सिम्पसन्स’ या विनोदी मालिकेसाठी अनेक वर्षे काम केल्यावर १९९९ मध्ये त्यांनी ‘द आयर्न जायंट’ हा पहिला मोठा चित्रपट केला. त्यांच्या बहिणीचा मृत्यू बंदुकीच्या गोळीने झाला होता, आणि बंदुकीला आत्मा असता व तिला बंदूक व्हायचेच नसते तर, या प्रश्नाभोवती त्यांनी तो चित्रपट उभा केला. तिकीटबारीवर तो पडला.

पाच वर्षांनी आलेल्या ‘द इन्क्रेडिबल्स’ला ऑस्कर मिळाले. विनोद कसा लिहावा याचा तो मला वस्तुपाठ वाटतो, कारण त्यातील कुटुंबाच्या अद्भुत शक्ती बर्ड यांनी प्रत्येकाच्या घरातील जागेवरून ठरवल्या आहेत. बापाने भार उचलायचा, म्हणून तो बलदंड; वयात येणाऱ्या बुजऱ्या मुलीला कोणी पाहू नये असे वाटते, म्हणून ती अदृश्य होते; धाकट्याचा पाय घरात ठरत नाही, म्हणून तो वाऱ्यासारखा पळतो; आणि आईचे अंग रबरासारखे चहूकडे ताणले जाते. आपण ‘बाईच्या जिवाची ओढाताण’ म्हणतो, तीच येथे डोळ्यांना दिसते आणि हसू येते. २००७ चा ‘रॅटाटूई’ तर दुसऱ्याकडून अर्ध्यावर त्यांच्या हाती आला होता. त्यांनी पटकथा नव्याने लिहिली आणि त्यालाही ऑस्कर मिळाले.

माझ्या वर्गात आठवीतील एका मुलाने गणिताच्या वहीच्या कोपऱ्यांत चाळीसेक चित्रे काढली होती. पाने भरभर सोडली की एक माणूस एसटीमागे धावे, चप्पल निसटे, तो मागे वळे आणि गाडी निघून जाई. त्यानंतरच्या चार पानांवर त्याने जवळजवळ तेच चित्र पुन्हा काढले होते: हातात चप्पल घेऊन उभा माणूस. हसायला येई ते त्या चार पानांमुळे, आणि तिथे थांबावे हे त्याला कोणी शिकवले नव्हते. वही जप्त झाली. ‘असली चित्रं काढून पोट भरतं का?’ असे वडिलांनी मला विचारले, तेव्हा दाखवायला माझ्याजवळ मराठीत छापलेला एकही लेख नव्हता.

बेळगाव हे के. बी. कुलकर्णी यांच्यासारख्या कलाशिक्षकाचे आणि रवी परांजपे यांच्यासारख्या चित्रकाराचे गाव आहे. शाळेत मराठी, कचेरीत कन्नड आणि कॉलेजात इंग्रजी अशा तीन भाषांत वाढणाऱ्या आमच्या मुलांच्या हातात पेन्सिल तर आहेच. त्या पेन्सिलीच्या जोरावर कोणी कसे आयुष्य घडवले, हे त्यांच्या घरातल्यांना मराठीतून वाचायला मिळत नाही. म्हणून आपणास विनंती की, पुरवणीत महिन्यातून एकदा अर्धे पान ॲनिमेशनपटाच्या लेखक-दिग्दर्शकांसाठी राखावे आणि परीक्षणात त्यांची नावे, निदान त्या चित्रपटाच्या नावाइतक्याच ठळक टायपात, छापावीत.

आपला,
एक निवृत्त चित्रकला शिक्षक,
खानापूर, जि. बेळगाव